‘अम्मी, आत्ता नाही सोडता येत!’ : मित्रांसोबतचा ऑनलाइन शूटर गेम नेमका चालतो कसा?

तुळजापूर : इशाची नमाज झाली, जेवणं उरकली की घरातला मोबाइल मुलाच्या हातात जातो. कानात इयरफोन, डोळे स्क्रीनवर आणि तोंडाने सारखं काहीतरी चालू असतं, “पीछे देख, पीछे देख”, “मला उचल”, “झोन आला, पळ”. अम्मी दोन हाका मारते, तिसऱ्या हाकेला आवाज चढतो आणि उत्तर येतं, “अम्मी, आत्ता नाही सोडता येत, बस ही एक मॅच.” मग अब्बू चिडतात, फोन हिसकावला जातो आणि दोन दिवस घरात अबोला राहतो.

तुळजापूर असो, नळदुर्ग असो की सोलापूर, हा वाद बऱ्याच घरांत होतो. मुलाचं “सोडता येत नाही” हे निव्वळ बहाणा वाटतं. पण त्यात थोडं तथ्यही आहे, आणि ते समजून घेतलं नाही तर घरात केलेला कोणताही नियम टिकत नाही. मुलं या खेळात एकमेकांना कशी भेटतात, टीम कशी बनते, अनोळखी माणूस त्यात कुठून येतो आणि पैसे कुठून जातात, हे पालकांनी आणि मोठ्या भावंडांनी एकदा नीट समजून घ्यायला हवं. हा लेख त्यासाठीच आहे.

खेळ कोणते आणि ते भारतात कसे आले?

आपल्याकडे मुलं प्रामुख्याने दोन शूटर गेम खेळतात. एक ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’, म्हणजे मुलांच्या भाषेत ‘बीजीएमआय’. दुसरा ‘फ्री फायर मॅक्स’. घरातली मोठी माणसं मात्र अजूनही दोन्हींना ‘पबजी’च म्हणतात.

मूळ पबजी २०१७ मध्ये कॉम्प्युटरवर आला आणि २०१८ मध्ये मोबाइलवर. त्यामागची कल्पना ब्रेंडन ग्रीन या आयरिश माणसाची. एका बेटावर शंभर खेळाडू विमानातून उतरतात, रिकाम्या घरांतून शस्त्रं गोळा करतात, खेळायची जागा हळूहळू आकसत जाते आणि शेवटी जो किंवा जी टीम उरते ती जिंकते. मुलं ज्याला ‘झोन’ म्हणतात तो हाच आकसत जाणारा गोल.

भारतात या खेळावरून वाद लवकरच सुरू झाला. जानेवारी २०१९ मध्ये मुंबईतल्या अवघ्या ११ वर्षांच्या मुलाने आपल्या आईमार्फत मुंबई उच्च न्यायालयात पबजीवर बंदी मागणारी जनहित याचिका दाखल केली. त्याच वर्षी मार्चमध्ये आपल्याच मराठवाड्यात, हिंगोलीत, रेल्वे रुळांवर पबजी खेळत असलेल्या दोन तरुणांचा रेल्वेखाली येऊन मृत्यू झाला. पुढे २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ अॅपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल होता. त्यामागचं कारण मात्र मुलांचं व्यसन नव्हतं. चीनशी सीमेवर तणाव होता आणि देशाच्या सुरक्षेचं व नागरिकांच्या माहितीचं कारण सरकारने दिलं होतं.

त्यानंतर क्राफ्टन या दक्षिण कोरियाच्या कंपनीने २ जुलै २०२१ रोजी खास भारतासाठी बीजीएमआय आणला. जुलै २०२२ मध्ये तोही प्ले स्टोअरवरून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये अटींसह परत आला. फ्री फायरवर फेब्रुवारी २०२२ मध्ये बंदी आली, पण त्याची ‘मॅक्स’ ही आवृत्ती चालू राहिली. म्हणजे “तो गेम तर बंद झाला ना?” असं म्हणून निश्चिंत होण्यात अर्थ नाही. नाव बदललं, खेळ चालू आहे.

मित्र एका टीममध्ये येतात कसे?

या खेळात तीन प्रकारे उतरता येतं. एकट्याने खेळलं तर सोलो, दोघांनी मिळून खेळलं तर ड्युओ आणि चौघांची टीम असेल तर स्क्वॉड. मुलांना खरा ओढा असतो तो स्क्वॉडचा.

समजा, तुळजापुरातल्या एका मुलाला सोलापूरचा मामेभाऊ, नळदुर्गचा वर्गमित्र आणि पुण्यात शिकायला गेलेला मोठा भाऊ यांच्यासोबत खेळायचं आहे. तर ते असं होतं :

१. प्रत्येक खेळाडूला गेममध्ये एक आकडी ओळख क्रमांक मिळतो, त्याला आयडी म्हणतात. मुलं हा क्रमांक एकमेकांना व्हॉट्सअॅपवर पाठवतात. गेममध्ये तो क्रमांक शोधून मैत्रीची विनंती पाठवायची. समोरच्याने ती मान्य केली की तो ‘फ्रेंड लिस्ट’मध्ये येतो.

२. गेम उघडल्यावर जो पहिला पडदा दिसतो तिथे आपलं पात्र उभं असतं. मुलं याला ‘लॉबी’ म्हणतात. आपल्या पात्राशेजारी अधिकची खूण असलेल्या रिकाम्या जागा दिसतात. त्या खुणेवर बोट ठेवलं की कोण मित्र सध्या ऑनलाइन आहे ते दिसतं. त्याला आमंत्रण पाठवायचं. त्याने होकार दिला की त्याचं पात्र शेजारी येऊन उभं राहतं.

३. मित्र यादीत नसेल तर ‘टीम कोड’ वापरतात. एकाने कोड तयार करायचा, बाकीच्यांनी तो आपल्या फोनवर टाकायचा. व्हॉट्सअॅपवर आमंत्रणाची लिंक पाठवूनही बोलावता येतं.

४. सगळे आले की टीमचा प्रमुख नकाशा आणि प्रकार निवडतो. बाकीचे ‘रेडी’ दाबतात आणि प्रमुख मॅच सुरू करतो.

५. आणखी एक प्रकार म्हणजे ‘कस्टम रूम’. यात एकजण स्वतंत्र खोली तयार करतो, तिला आयडी आणि पासवर्ड असतो. ज्याच्याकडे ते दोन्ही आहेत तोच आत येतो. गल्ली विरुद्ध गल्ली किंवा वर्ग विरुद्ध वर्ग अशा मॅच अशा रूममध्ये होतात.

यातली एक गोष्ट पालकांनी लक्षात घ्यावी. मुलगा घराबाहेर गेलेला नसतो, पण तो एकटाही नसतो. पूर्वी जी मुलं संध्याकाळी मैदानात भेटायची ती आता लॉबीत भेटतात. कामासाठी, शिक्षणासाठी घरं विखुरली आहेत. ईदला वर्षातून एक-दोनदा भेटणारी भावंडं इथे आठवड्यातून चारदा बोलतात. त्यामुळे “गेम डिलीट कर” हे वाक्य मुलाला “मित्र तोड” असं ऐकू येतं. त्याचा राग तिथून येतो.

टीम जुळत नाही, त्याची कारणं

मुलं तासभर फोन घेऊन बसतात, त्यात निम्मा वेळ खेळण्यात नाही तर ‘जुळवण्यात’ जातो. कारणं माहीत असली तर तोही वेळ वाचतो.

पहिलं कारण, गेम अपडेट नसणं. चौघांपैकी एकाकडे जुनी आवृत्ती असेल तर तो टीममध्ये येऊ शकत नाही. दुसरं, नकाशा उतरवलेला नसणं. हे गेम सगळे नकाशे एकदम देत नाहीत, ते वेगळे डाउनलोड करावे लागतात. ज्या नकाशावर खेळायचं तो चौघांच्या फोनमध्ये हवा. प्रत्यक्ष खेळताना डेटा फारसा जात नाही. डेटा खातात ते अपडेट आणि नकाशे. ते सकाळी किंवा वायफायवर करून ठेवले तर रात्रीची चिडचिड होत नाही.

तिसरं कारण, दर्जातलं अंतर. रँकसाठी खेळताना एक खेळाडू फार वर आणि दुसरा अगदी नवखा असेल तर गेम त्यांना एकत्र खेळू देत नाही. अशा वेळी रँक नसलेला प्रकार निवडायचा.

चौथं कारण आपल्या घरांसाठी विशेष महत्त्वाचं आहे. मामू किंवा चाचा दुबईत, रियाधमध्ये असतात, त्यांची मुलं तिथे असतात. ती तिकडे पबजी मोबाइल खेळतात आणि आपली मुलं बीजीएमआय. दिसायला दोन्ही सारखे असले तरी बीजीएमआय फक्त भारतासाठी आहे. त्याचे खेळाडू पबजी मोबाइलच्या खेळाडूंसोबत एका टीममध्ये येऊ शकत नाहीत. मग मुलं यूट्यूब पाहून व्हीपीएन टाकतात, कुठल्यातरी वेबसाइटवरून गेमची फाइल उतरवतात. इथेच धोका सुरू होतो. प्ले स्टोअरच्या बाहेरून आलेल्या फाइलमध्ये फोनमधले मेसेज वाचणारं सॉफ्टवेअर दडलेलं असू शकतं, आणि त्याच फोनवर बँकेचे ओटीपी येत असतात. आखाती देशातल्या भावंडांसोबत खेळायचंच असेल तर लुडो, कॅरम, बुद्धिबळ असे दोन्ही देशांत चालणारे साधे खेळ शोधावेत. चोरवाटेने गेम आणू नये.

पाचवं कारण म्हणजे नेटवर्क. स्क्रीनच्या कोपऱ्यात ‘पिंग’ नावाचा आकडा दिसतो. आपण बोट दाबल्यावर तो संदेश कंपनीच्या सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला किती वेळ लागला, ते तो सांगतो. एका सेकंदाचे हजार भाग केले तर त्यातले किती, असा तो हिशोब. आकडा पन्नास-साठच्या आत असला की खेळ सुरळीत चालतो. दोनशेच्या वर गेला की समोरचा आधी गोळी मारतो आणि आपल्याला नंतर कळतं. एका टॉवरवर जितके फोन जास्त, तितका प्रत्येकाच्या वाट्याला वेग कमी. नवरात्रात तुळजापुरात लाखो भाविक येतात, त्या दिवसांत पिंग वाढला तर नवा फोन घ्यायची गरज नाही. फोन बिघडलेला नाही, रस्ता गजबजलेला आहे.

मॅच मध्येच का सोडता येत नाही?

मोबाइलमधला जुना सापाचा खेळ किंवा कँडी क्रश मधेच थांबवता यायचा, कारण तो आपल्याच फोनमध्ये चालायचा. स्क्वॉडची मॅच कंपनीच्या सर्व्हरवर चालते आणि त्यात एकाच वेळी पन्नास ते शंभर माणसं असतात. एकासाठी ती थांबत नाही. आपण फोन खाली ठेवला तर आपलं पात्र तिथेच उभं राहतं आणि मारलं जातं.

त्यात टीमची जबाबदारी असते. स्क्वॉडमध्ये गोळी लागलेला खेळाडू लगेच बाद होत नाही, तो जमिनीवर पडतो आणि साथीदाराने वेळेत येऊन त्याला ‘उचलायचं’ असतं. म्हणजे एक निघून गेला की तिघांचं नुकसान. वर, वारंवार मॅच सोडणाऱ्याचे बीजीएमआयमधले ‘मेरिट’ गुण कमी होतात आणि ते फार खाली गेले की टीममध्ये खेळण्यावर बंधन येतं. दुसऱ्या दिवशी शाळेत मित्र “तूच पळालास” म्हणून चिडवतात ते वेगळंच.

इयरफोनचंही तसंच. या खेळात शत्रूच्या पावलांचा आवाज कोणत्या बाजूने येतो यावर जगणं-मरणं ठरतं. त्यामुळे मुलगा आवाज मोठा ठेवतो. अम्मीची हाक त्याला खरोखरच ऐकू येत नाही.

म्हणून “साडेनऊला बंद” असा घड्याळाचा नियम रोज मोडतो. त्याऐवजी मॅच मोजाव्यात. साधारण हिशोब असा :

बीजीएमआयच्या मोठ्या ‘एरँगल’ नकाशावरची पूर्ण मॅच सुमारे अर्धा तास चालते. लहान ‘लिविक’ नकाशावर सुमारे १५ मिनिटं. चार विरुद्ध चार असा जो ‘टीडीएम’ प्रकार आहे तो १० मिनिटांत संपतो. फ्री फायर मॅक्सची मॅच पन्नास खेळाडूंची, ती साधारण १० ते १५ मिनिटांची.

आता नियम असा करता येतो : “मगरिबच्या अजानला वीस मिनिटं आहेत, एरँगल लावायची नाही, लिविक खेळ.” किंवा “आज दोन मॅच, तिसरी नाही.” मुलाला हा नियम समजतो, कारण तो त्याच्या खेळाच्या भाषेत आहे. आणि मॅच सुरू करण्याआधी त्याला मित्रांना सांगता येतं, “माझी ही शेवटची.” त्याची इज्जतही राहते. रमजानमध्ये तरावीहनंतर सहरीपर्यंत जागं राहून खेळायची सवय अनेक मुलांना लागते. तिथेही हाच मॅचचा हिशोब आधी ठरवला तर दिवसाची शाळा आणि रोजा दोन्ही सावरतात.

चौथी जागा कोणाची?

स्क्वॉड चौघांचा आणि मित्र तीनच आले, तर काय? गेममध्ये रिकाम्या जागा आपोआप भरण्याचा पर्याय असतो. तो चालू असेल तर गेम कुठल्यातरी अनोळखी खेळाडूला चौथा म्हणून आणून बसवतो. मुलं याला ‘रँडम’ म्हणतात. हा रँडम बारा वर्षांचा असू शकतो आणि बत्तीसचाही. आवाजावरून आणि गेममधल्या नावावरून काहीच खात्री होत नाही.

बहुतेक रँडम नुसते खेळून निघून जातात. पण काहीजण मॅचनंतर मैत्रीची विनंती पाठवतात, मग “व्हॉट्सअॅप नंबर दे”, “टेलिग्रामवर ये”, “फुकट यूसी देतो” असं सुरू होतं. खेळातून बाहेर, दुसऱ्या अॅपवर बोलावणं ही धोक्याची पहिली खूण. फोटो मागणं ही दुसरी. “घरी सांगू नको” ही तिसरी. १८ वर्षांखालील मुलाकडून किंवा मुलीकडून अश्लील फोटो मागणं हा पॉक्सो कायदा, २०१२ खाली गुन्हा आहे. अशा वेळी चॅट पुसून टाकू नये, स्क्रीनशॉट काढून ठेवावेत. तोच पुरावा असतो.

मुलीही हे गेम खेळतात. आवाजावरून मुलगी आहे हे कळलं की घाणेरडं बोलणं सुरू होतं, म्हणून अनेकजणी मुलाचं नाव घेऊन माइक बंद ठेवून खेळतात. बहिणीने असं काही सांगितलं तर “मग खेळतेसच कशाला?” हा प्रश्न विचारू नये. एकदा असं उत्तर मिळालं की ती पुढच्या वेळी काहीच सांगत नाही.

आणखी एक गोष्ट स्पष्ट बोलायला हवी. खेळाडूच्या डोक्यावर त्याने ठेवलेलं नाव दिसतं. ते मुस्लिम नाव असेल तर कधीकधी धर्मावरून शिव्या ऐकाव्या लागतात. मुलगा लहान असतो, रक्त गरम असतं, तोही तसंच उत्तर देतो. समोरचा त्याचा आवाज रेकॉर्ड करतो, आधीची शिवी कापतो आणि आपल्या मुलाचं उत्तर तेवढं पसरवतो. तुळजापूरसारख्या गावात सगळे सगळ्यांना ओळखतात, तिथे असा एक व्हिडिओ घराला महाग पडू शकतो. मुलाला आधीच सांगून ठेवा : उत्तर द्यायचं नाही, म्यूट करायचं, रिपोर्ट करायचं, मॅचमधून बाहेर पडायचं. इथे मेरिट गुण गेले तरी चालतील.

याच खेळात आपल्या मुलांचे हिंदू मित्रही त्याच स्क्वॉडमध्ये असतात, एकमेकांना ‘उचलत’ असतात, हेही तितकंच खरं आहे. कोणत्या तरी रँडमच्या शिवीमुळे ती मैत्री बिघडू द्यायची नाही, हेही मुलाला समजावून सांगावं लागतं.

उपाय सोपे आहेत. रिकाम्या जागा भरण्याचा पर्याय बंद ठेवायचा, तिघांनीच खेळायचं. आवाजाच्या सेटिंगमध्ये ‘सर्वांसाठी’ऐवजी ‘फक्त टीम’ निवडायचं. गेममधल्या नावात खरं आडनाव, शाळा, गाव किंवा जन्मवर्ष टाकायचं नाही. अनोळखी मैत्री-विनंती मान्य करायची नाही.

यूसी, डायमंड आणि अम्मीचा फोन

हे गेम खेळायला पैसे लागत नाहीत. कंपनी कमावते ती आतल्या दुकानातून. बीजीएमआयमध्ये ‘यूसी’ आणि फ्री फायरमध्ये ‘डायमंड’ हे त्या दुकानातलं चलन. खरे रुपये देऊन ते घ्यायचे आणि त्यातून कपडे, बंदुकीची सजावट, नाच असल्या वस्तू घ्यायच्या. बऱ्याच वस्तू तर ‘पेटी’त येतात. पेटी उघडल्यावर आत काय निघेल ते नशीब. हवी ती वस्तू निघाली नाही की मूल पुन्हा पेटी उघडतं. पैसे हळूहळू जातात आणि प्रत्येक वेळी रक्कम लहान वाटते.

स्क्वॉडमध्ये याचा दबाव वाढतो. तीन मित्रांकडे भारी पोशाख आणि आपला मुलगा साध्या कपड्यात असेल तर त्याला ‘नूब’, म्हणजे नवखा, म्हणून चिडवतात. ईदीचे पैसे तिथेच संपतात. ते संपले की नजर अम्मीच्या फोनवरच्या यूपीआयकडे जाते.

त्याहून मोठा धोका फसवणुकीचा. “फुकट डायमंड”, “अर्ध्या किमतीत यूसी” अशा लिंक ग्रुपवर फिरतात. लिंक उघडली की गेमचा लॉगिन आणि पासवर्ड मागितला जातो, तो दिला की खातं जातं. कुणी ओटीपी मागतो, कुणी यूपीआयवर ‘पैसे मिळवण्यासाठी पिन टाका’ म्हणतो. हे मुलांना आणि मोठ्यांनाही पाठ करून ठेवायला हवं : यूपीआयमध्ये पैसे घेताना पिन कधीच टाकावा लागत नाही. पिन पैसे देताना लागतो.

काळजी अशी घ्यावी. प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये प्रत्येक खरेदीला पडताळणी चालू करावी. यूपीआयचा पिन मुलाला सांगू नये आणि त्याच्यासमोर टाकूही नये. खेळायचा फोन आणि बँकेचा फोन शक्य असेल तर वेगळा ठेवावा. मुलाने चुकून प्ले स्टोअरवरून खरेदी केलीच तर ४८ तासांच्या आत गूगल प्लेवरच परताव्याची विनंती करता येते. परतावा मिळेलच असं नाही, पण विनंती तातडीने करावी.

फसवणूक झाली असेल तर लाज बाळगू नका. लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनवर फोन करा आणि बँकेलाही कळवा. रिझर्व्ह बँकेच्या जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, ओटीपी-पिन आपणच दिला असेल तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान ग्राहकाचं असतं. कळवल्यानंतर होणारं नुकसान बँकेचं. म्हणजे मार पडेल या भीतीने मुलाने तुमच्यापासून लपवलेला प्रत्येक तास घराला महाग पडतो. “काहीही झालं तरी आधी मला सांग, ओरडणार नाही” हा शब्द त्याला आजच द्या आणि पाळा.

‘एंट्री पन्नास, विनर पाचशे’

कस्टम रूमचा वर उल्लेख केला. व्हॉट्सअॅप आणि टेलिग्रामवर काही ग्रुप अशा रूमचा धंदा करतात. प्रत्येकाने ठरावीक रक्कम पाठवायची, मग रूमचा आयडी-पासवर्ड मिळतो, जिंकणाऱ्याला मोठी रक्कम. मुलांना वाटतं ही ‘टूर्नामेंट’ आहे. अनेकदा पैसे घेऊन ग्रुपच गायब होतो. आणि गायब झाला नाही तरी प्रश्न उरतोच.

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा नवा कायदा मंजूर केला आणि २२ ऑगस्टला राष्ट्रपतींनी त्यावर सही केली. त्यात दोन गोष्टी वेगळ्या केल्या आहेत. नुसतं खेळणं आणि नोंदणीकृत ई-स्पोर्ट्स यांना मान्यता आहे. पैसे लावून, पैसे जिंकण्यासाठी खेळले जाणारे ऑनलाइन खेळ चालवण्यावर बंदी आहे. असे खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. खेळणाऱ्याला शिक्षा ठेवलेली नाही, पण कॉलेजातला एखादा मुलगा स्वतःच ग्रुप काढून पैसे गोळा करू लागला तर तो खेळणारा राहत नाही, चालवणारा होतो. हा फरक मुलांना कुणी सांगत नाही. शर्तीचा पैसा जुगारच, हे तर आपल्या घरात वेगळं सांगायची गरज नाही. आता त्यावर कायद्याचीही मोहर आहे.

वय खोटं टाकलं की कुंपण पडतं

बीजीएमआयमध्ये १८ वर्षांखालील मुलासाठी पालकाच्या मोबाइलवर ओटीपी पाठवून संमती घेण्याची सोय आहे. २०२१ मध्ये गेम आला तेव्हा अशा मुलांसाठी दिवसाला तीन तास खेळ आणि सात हजार रुपये खर्च अशी मर्यादा सांगितली होती. २०२३ मध्ये परतताना मोठ्यांसाठीही सहा तासांची मर्यादा आली. पण ही सगळी व्यवस्था मुलाने खरं वय टाकण्यावर उभी आहे. मुलगा जन्मवर्ष बदलतो आणि गेमच्या दृष्टीने तो एका मिनिटात मोठा माणूस होतो. म्हणून मुलाच्या खात्यात कोणतं वय आहे, एवढं एकदा त्याच्या शेजारी बसून पाहा. लहान मुलांच्या फोनवर गूगलचं मोफत ‘फॅमिली लिंक’ अॅप लावता येतं, त्यातून वेळेची मर्यादा आणि खरेदीची परवानगी पालकांच्या हातात राहते.

घरात ठरवायच्या गोष्टी

बंदी किंवा मोकळीक, या दोन टोकांच्या मध्ये बरंच काही करता येतं.

– दिवसाला किती मॅच आणि कोणत्या नकाशावर, हे मुलासोबत बसून ठरवा आणि कागदावर लिहा. परीक्षेच्या काळात वेगळा कागद.

– फ्रेंड लिस्ट महिन्यातून एकदा सोबत पाहा. प्रत्येक नावाबद्दल विचारा, “हा कोण? कुठला?” ज्याचं उत्तर येत नाही ते नाव काढून टाका.

– खेळ घरातल्या मोकळ्या खोलीत, दार उघडं ठेवून. इयरफोन एका कानात.

– रस्त्यावर, गच्चीच्या कठड्यावर, गाडीवर मागे बसून खेळायचं नाही. हिंगोलीची घटना मुलांना सांगा.

– शक्य असेल तर एकदा स्वतः त्याच्या स्क्वॉडमध्ये खेळा. तुम्ही पहिल्याच मिनिटाला बाद व्हाल, पोरं हसतील, पण त्या अर्ध्या तासात मूल कुणाशी काय बोलतं ते तुम्हाला कळेल. अब्बूंना जमत नसेल तर भाईजान किंवा आपाने बसावं.

काही मुलांचं प्रकरण मात्र एवढ्यावर आवरत नाही. झोप उडणं, शाळा बुडवणं, जेवण सोडणं, फोन घेतला की तोडफोड किंवा अंगावर धावून येणं, असं महिनोन्‌महिने चालू असेल तर तो हट्ट नसून आजार असू शकतो. जागतिक आरोग्य संघटनेने ‘गेमिंग डिसऑर्डर’ला आजारांच्या यादीत स्थान दिलं असून ती यादी जानेवारी २०२२ पासून लागू आहे. अशा मुलाला मारून किंवा ताईत बांधून उपयोग होत नाही, त्याला मानसोपचार तज्ज्ञाला दाखवावं लागतं. ‘टेली मानस’ या सरकारी मोफत सेवेचा क्रमांक १४४१६ आहे, तिथे फोनवरच सल्ला मिळतो. मुलाला कुणी त्रास देत असेल, धमकावत असेल तर चाइल्डलाइनचा १०९८ हा क्रमांक आहे. पैशाची फसवणूक असेल तर १९३०. हे तिन्ही आकडे लिहून फ्रिजवर किंवा दारामागे चिकटवून ठेवा, म्हणजे गरज पडेल त्या रात्री शोधावे लागणार नाहीत.